क्ष-किरण : एक शब्द, चार अर्थ
(केंद्रस्तरीय शिक्षण परिषदेत प्राथमिक शिक्षकांसमोर दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आजच्या परिषदेत विज्ञानाच्या परिभाषेविषयी चार शब्द बोलावेत, अशी सूचना मला मिळाली. परिभाषा हा विषय मोठा आहे. तो तासाभरात आटोपणारा नाही. म्हणून अनेक शब्दांची यादी वाचून दाखविण्याऐवजी एकच शब्द घ्यावा आणि त्याचा पुरता विचार करावा, असे मी ठरविले. तो शब्द म्हणजे 'क्ष-किरण'.

हाच शब्द का निवडला, ते आधी सांगतो. मागील महिन्यात एका शाळेच्या भेटीस गेलो असता सातवीच्या वर्गात मी विचारले, "क्ष-किरणांना क्ष-किरण का म्हणतात?" थोडा वेळ कोणी बोलले नाही. मग मागच्या बाकावरील एक मुलगी उठली आणि म्हणाली, "सर, क्षयाचे किरण म्हणून क्ष-किरण." वर्गशिक्षकांनीही मान डोलावली.

उत्तर चुकीचे होते. परंतु ते विचार करून दिलेले होते, हे आपण ध्यानात घेतले पाहिजे. तिच्या घरी किंवा शेजारी कोणी खोकत असेल, त्यास क्ष-किरणासाठी तालुक्याला पाठविले असेल, आणि पुढे क्षयरोग निघाला असेल. तिने दोन्ही शब्दांचे पहिले अक्षर जुळविले. व्युत्पत्ती लावण्याची ही रीत पुष्कळ मोठी माणसेही वापरतात. तथापि या व्युत्पत्तीपासून एक अनर्थ होतो. ज्याच्या हातात क्ष-किरणाची चिठ्ठी पडली, त्याला क्षय झालाच, असे गाव समजू लागते. आणि मग मनुष्य चिठ्ठी खिशात घालून घरी बसतो. शब्दाचा अर्थ नीट न कळल्याने माणूस दवाखान्यात जात नाही, ही गोष्ट आपल्या जिल्ह्यात घडते. ती मी स्वतः पाहिली आहे, आणि तीत माझा दोषही आहे. ती हकीकत पुढे सांगेन.

प्रथम अक्षराचा विचार करू. 'क्ष' येथे क्षयाचा नव्हे, अज्ञाताचा आहे. बीजगणितात ज्या राशीची किंमत अद्याप ठाऊक नाही, तिला काही तरी नाव द्यावे लागते. नाव दिल्याशिवाय तिच्याविषयी विचारच करता येत नाही. आपल्याकडे भास्कराचार्यांनी बाराव्या शतकात आपल्या 'बीजगणित' ग्रंथात अज्ञात राशीस 'यावत्तावत्' म्हटले आहे. म्हणजे जेवढी असेल तेवढी. एकाहून अधिक अज्ञात राशी असल्या, तर त्यांना कालक, नीलक, पीतक अशी रंगांची नावे दिली आणि लिहिताना नुसती आद्याक्षरे घेतली. युरोपात देकार्त या गणितज्ञाने १६३७ साली प्रसिद्ध केलेल्या भूमितीच्या ग्रंथात अज्ञातासाठी रोमन वर्णमालेतील शेवटची अक्षरे वापरली. त्यांत 'एक्स' हे अक्षर प्रमुख ठरले. मराठीत बीजगणित शिकविताना त्या 'एक्स'च्या जागी 'क्ष' आला. आजच्या पाठ्यपुस्तकांत रोमन अक्षरच छापलेले असते. परंतु आपल्या वडीलधाऱ्या पिढीने 'क्ष'ची किंमत काढूनच समीकरणे सोडविली. बोलण्यातही आपण 'समजा, क्ष नावाचा एक मनुष्य आहे' असे म्हणतो. तेथे 'क्ष' म्हणजे ज्याचे नाव सांगितलेले नाही असा कोणीही.

आता किरणांकडे येऊ. जर्मनीतील वुर्झबुर्ग येथे विल्हेल्म राँटगेन हे भौतिकशास्त्राचे प्राध्यापक होते. ८ नोव्हेंबर १८९५ रोजी ते अंधाऱ्या खोलीत, हवा काढून घेतलेल्या काचेच्या नळीतून वीज सोडून प्रयोग करीत होते. नळी काळ्या पुठ्ठ्याने पूर्ण झाकलेली होती. तरीही काही अंतरावरील, विशिष्ट रसायन लावलेला पडदा चमकू लागला. पुठ्ठ्यातून प्रकाश बाहेर येत नव्हता. मग पडद्यापर्यंत पोहोचले ते काय? पुढील काही आठवडे त्यांनी एकट्याने कसून शोध घेतला. कागद, लाकूड, कापड यांतून ते किरण पार जात. शिसे मात्र त्यांना अडवी. २२ डिसेंबर रोजी त्यांनी पत्नीच्या हाताचे चित्र घेतले. त्यात हाडे स्पष्ट उमटली, आणि बोटातील अंगठी गडद गोल होऊन दिसली. वर्ष संपण्यापूर्वी त्यांनी आपला निबंध सादर केला. त्यात या किरणांचे स्वरूप आपणांस कळलेले नाही, म्हणून थोडक्यात सांगायचे तर 'एक्स किरण' असा उल्लेख करू, असा प्रामाणिक मार्ग त्यांनी पत्करला. भौतिकशास्त्राचे पहिले नोबेल पारितोषिक १९०१ साली त्यांनाच मिळाले. या शोधाचे पेटंट त्यांनी घेतले नाही.

जर्मन भाषेत या किरणांस आजही राँटगेन यांचे नाव लावतात. मराठीने मात्र शोधकाने दिलेले अज्ञाताचे अक्षर उचलले आणि 'क्ष-किरण' हा शब्द घडविला. पुढे १९१२ साली माक्स फोन लाउए यांच्या कल्पनेवरून झालेल्या प्रयोगांनी हे किरण प्रकाशासारख्याच लहरी असल्याचे दाखविले. त्यांची तरंगलांबी दृश्य प्रकाशाच्या मानाने अतिशय आखूड असते, एवढाच भेद. म्हणजे अज्ञात ते ज्ञात झाले; परंतु नाव अज्ञाताचेच राहिले. यात नवल काही नाही. आपल्या हाताच्या करंगळीशेजारच्या बोटाला आपण 'अनामिका', म्हणजे नाव नसलेली, म्हणतो आणि तेच तिचे नाव होऊन बसते. विद्यार्थ्यांस क्ष-किरणाचा अर्थ सांगताना अनामिकेचा हा दाखला द्यावा. तो विसरला जात नाही.

आता मुख्य मुद्दा. पुस्तकात 'क्ष-किरण' या शब्दाचा अर्थ एकच आहे. व्यवहारात मात्र आपण तो निदान चार अर्थांनी वापरतो.

पहिला अर्थ प्रत्यक्ष किरणांचा. 'क्ष-किरण मांसातून पार जातात, हाडात अधिक अडतात', या वाक्यात तो आहे. हा शास्त्रातील मूळ अर्थ होय.

दुसरा अर्थ यंत्राचा किंवा खोलीचा. 'आमच्या दवाखान्यात क्ष-किरण आले', 'त्याला क्ष-किरणात नेले आहे', असे आपण म्हणतो. येथे यंत्र किंवा विभाग अभिप्रेत असतो.

तिसरा अर्थ तपासणीचा. 'डॉक्टरांनी क्ष-किरण सांगितला आहे', म्हणजे तपासणी करून घ्यावयास सांगितली आहे.

चौथा अर्थ चित्राचा. 'क्ष-किरण घरी राहिला', 'क्ष-किरण डॉक्टरांना दाखवा', असे म्हणताना मोठ्या पाकिटातील ती काळी फिल्म आपल्या मनात असते. खेड्यात हिलाच 'फोटो' म्हणतात. 'छातीचा फोटो काढून आणला' हे वाक्य आपण रोज ऐकतो.

हे चारही प्रयोग रूढ आहेत. बोलताना ते चुकीचे ठरविण्याचे कारण नाही. प्रसंगावरून ऐकणाऱ्यास अर्थ कळतो. परंतु वर्गात शिकविताना आणि दुसऱ्याची चिठ्ठी वाचून दाखविताना आपण पूर्ण शब्द वापरावेत : क्ष-किरण, क्ष-किरण यंत्र, क्ष-किरण तपासणी, क्ष-किरण चित्र. एक शब्द अधिक उच्चारल्याने आपले काही जात नाही. तो न उच्चारल्याने काय जाऊ शकते, ते आता सांगतो.

१९९४ साली मी दर्यापूरकडील खारपाणपट्ट्यातील एका गावी नवीन शिक्षक होतो. चौथीच्या वर्गातील एका मुलाचे वडील मजुरी करीत. त्यांना कित्येक दिवसांचा खोकला होता, सायंकाळी अंगात ताप भरे. कोठल्याशा दवाखान्यातून त्यांना चिठ्ठी मिळाली. घरात वाचता येणारे कोणी नव्हते. म्हणून मुलाची आई ती चिठ्ठी घेऊन शाळेत आली. चिठ्ठीवर 'छातीचा क्ष-किरण' एवढेच लिहून तालुक्याच्या रुग्णालयाचा उल्लेख होता. मी फळ्यावर गणित मांडीत होतो. घाईत चिठ्ठीवरून नजर फिरवून मी म्हणालो, "छातीला किरण द्यायला तालुक्याला बोलावले आहे."

'किरण देणे' या दोन शब्दांचा आपल्याकडे अर्थ निराळा आहे. कर्करोगाच्या रुग्णास किरणांनी उपचार करतात, त्यास लोक 'किरण देणे' किंवा 'शेक देणे' म्हणतात. त्या कुटुंबातील एका नातलगाला नागपुरास असे किरण दिले होते आणि तो परत आला नव्हता. बाई काही बोलली नाही. चिठ्ठी पदराला बांधून निघून गेली.

अडीच महिन्यांनी तो मुलगा शाळेत येईनासा झाला, म्हणून मी घरी गेलो. मुलाचे वडील ओसरीवर पडून होते. ओळखू येऊ नयेत इतके वाळले होते. तालुक्याला का गेला नाहीत, असे मी रागाने विचारले. तेव्हा ती बाई म्हणाली, "गुरुजी, तुमीच त सांगतलं किरन द्याचे हायेत मनून. किरनं देऊन कोणी वाचते काय?"

दुसऱ्या दिवशी सकाळच्या एस.टी.ने मी त्यांना घेऊन गेलो. क्ष-किरण तपासणी झाली, थुंकी तपासली गेली, क्षयरोग निघाला. औषध सुरू झाले आणि ते बरे झाले. परंतु त्या अवधीत त्यांच्या धाकट्या मुलीलाही तोच रोग जडला. तीही औषधाने बरी झाली. मात्र तिचे पहिलीत नाव घालायचे वर्ष गेले. मुलाने चौथी पुढच्या साली पुरी केली. 'तपासणी' हा शब्द मी उच्चारला असता, तर त्या घराचे अडीच महिने वाचले असते. शब्दाची चूक ही फळ्यावरून पुसून टाकता येणारी चूक नसते, हे मी त्या दिवशी शिकलो. आपण गावात चिठ्ठ्या वाचणारे आहोत. आजही पुष्कळ घरांत रुग्णालयाचा कागद प्रथम शाळेच्या दारी येतो. तो वाचताना 'किरण घेणे' किंवा 'किरण देणे' असे म्हणू नये. 'तपासणीसाठी चित्र काढायचे आहे. यात औषध नाही, उपचार नाही, दुखणार नाही', असे सांगावे.

आता 'फोटो' या शब्दाविषयी. फोटोत आपला चेहरा दिसतो, कारण चेहऱ्यावरून परतलेला प्रकाश यंत्रात शिरतो. क्ष-किरण चित्र तसे नसते. ती सावली असते. एका बाजूने किरण सोडतात, दुसऱ्या बाजूस फिल्म किंवा आजच्या काळातील अंकीय पाटी असते, मध्ये मनुष्य उभा असतो. जेथे किरण विनाअडथळा पोहोचतात, तेथे चित्र काळे होते. जेथे अडतात, तेथे ते पांढरे राहते. फुफ्फुसात हवा असते, म्हणून निरोगी फुफ्फुस काळसर दिसते. हाडात चुना असतो, म्हणून बरगडी पांढरी दिसते. हे ठाऊक नसल्यामुळे घरची माणसे चित्र उजेडाकडे धरतात आणि "छाती पार काळी पडली" म्हणून घाबरतात. खरे पाहता तेथला काळेपणा हवेचा असतो.

उलटपक्षी 'डाग' हा शब्द. 'फुफ्फुसावर डाग आहे' असे म्हणतात, तो डाग चित्रात बहुधा पांढरट असतो. पांढरेपणाचा अर्थ एवढाच की, तेथे हवेच्या जागी काही तरी दाट आहे. ते क्षयाचे असेल, न्यूमोनियाचे असेल, जुन्या बऱ्या झालेल्या दुखण्याचा व्रणही असेल. सावली वस्तूचा आकार सांगते, वस्तूचे नाव सांगत नाही. म्हणून चित्रात संशय आला, तर थुंकीची तपासणी करून निदान पक्के करतात. 'क्ष-किरणात क्षय निघाला' असे म्हणण्यापेक्षा 'क्ष-किरण चित्रात संशय आला' असे म्हणणे शास्त्राला आणि माणुसकीला दोहोंना धरून आहे. दोन आठवड्यांहून अधिक खोकला असलेल्या माणसाने तपासणी करून घ्यावी. सरकारी रुग्णालयात क्षयरोगाची तपासणी व औषध विनामूल्य आहे. औषध निदान सहा महिने, पूर्ण होईपर्यंत, घ्यावे लागते. अलीकडे हाती उचलून नेता येणारी क्ष-किरण यंत्रे शोधमोहिमेत गावापर्यंत येऊ लागली आहेत. ती आपल्या शाळेच्या आवारात आली, तर लोक प्रथम तुमच्याच तोंडाकडे पाहतील.

ते विचारतील, "हे किरण अंगात राहतात काय?" यासाठी आणखी दोन शब्द वेगळे ठेवले पाहिजेत. 'प्रारण' हा व्यापक शब्द आहे. प्रकाश, उष्णता, क्ष-किरण ही सर्व प्रारणेच होत. 'किरणोत्सारी' हा शब्द मात्र रेडियम, युरेनियम यांसारख्या पदार्थांना लावतात. त्यांच्यातून किरण आपोआप निघत राहतात, ते बंद करता येत नाहीत. क्ष-किरण यंत्र तसे नाही. त्याच्या नळीत वेगवान इलेक्ट्रॉन धातूवर आदळवून किरण उत्पन्न करतात. वीज बंद केली की किरण संपले. दिवा मालविल्यावर खोलीत उजेड साठून राहत नाही, तसेच हे. तपासणी झालेला मनुष्य, त्याचे कपडे, ती फिल्म यांतून काहीही निघत नाही. त्या माणसाशेजारी बसण्यास हरकत नाही.

याचा अर्थ क्ष-किरण निरुपद्रवी आहेत, असाही नव्हे. आरंभीच्या काळी यंत्रावर काम करणाऱ्या अनेकांचे हात भाजले, काहींचे प्राण गेले. अमेरिकेतील एडिसन यांचे सहायक क्लॅरेन्स डॅली हे १९०४ साली अशाच रीतीने मरण पावले. आज मात्रा फार थोडी असते. छातीच्या एका चित्रास साधारणपणे ०.०२ ते ०.१ मिलिसीव्हर्ट लागते. आणि माती, आकाश, अन्न यांच्यापासून मनुष्यास जगात सरासरी वर्षाकाठी २.४ मिलिसीव्हर्ट प्रारण निसर्गतःच मिळते. म्हणजे एक चित्र हे निसर्गाच्या काही दिवसांच्या, फार तर पंधरवड्याच्या मात्रेएवढे झाले. तरी विनाकारण चित्र काढू नये, गर्भवती स्त्रीने आपली स्थिती आधी सांगावी, आणि तांबडा दिवा लागलेला असता नातलगांनी खोलीत शिरू नये. आपल्या देशात या यंत्रांवर १९८३ साली स्थापन झालेल्या अणुऊर्जा नियामक मंडळाची देखरेख असते. भीती आणि बेफिकिरी या दोहोंच्या मधली जी वाट, ती योग्य शब्दांनी सापडते.

क्ष-किरण रुग्णालयातच असतात, असेही विद्यार्थ्यांस वाटू नये. त्यांच्या पायाखालच्या जमिनीशीही त्यांचा संबंध आहे. १९१२ नंतर ब्रॅग पितापुत्रांनी क्ष-किरणांच्या साह्याने स्फटिकांतील अणूंच्या थरांमधील अंतर मोजण्याची रीत बसविली. त्याच रीतीने आपल्या वऱ्हाडातील काळ्या कपाशीच्या जमिनीची चिकणमाती तपासली जाते. तीत ज्या गटातील खनिजे सापडतात, त्यांचे थर कोरडे असता सुमारे एक नॅनोमीटर, म्हणजे मिलिमीटरच्या दहा लाखाव्या भागाइतक्या अंतराने बसलेले असतात. पाणी शिरले की हे थर एकमेकांपासून दूर सरतात. पाणी उडाले की जवळ येतात. म्हणून पावसाळ्यात आपली जमीन फुगते आणि वैशाखात हात जाईल एवढ्या भेगा पडतात. शेतकऱ्याच्या मुलास ती भेग रोज दिसते; तिचे कारण डोळ्यांस दिसत नाही, ते क्ष-किरणांनी कळले.

शेवटी वर्गात काय करावे, ते सांगून आटोपतो. खोली थोडी अंधारी करावी. एक बॅटरी, एक नाणे, एक पिंपळाचे पान, तेल लावलेला कागद आणि पांढरी भिंत एवढे साहित्य पुरे. प्रत्येक वस्तू बॅटरीसमोर धरून तिची सावली विद्यार्थ्यांस पाहू द्यावी. नाण्याची सावली गडद, पानाची तिच्याहून फिकी, तेलकट कागदाची सर्वांत फिकी. मग सांगावे की, प्रकाशाला हाड आणि मांस दोन्ही अडवितात. क्ष-किरणांना मांस थोडे अडविते, हाड अधिक अडविते, म्हणून आतील सावली घेता येते. येथे भिंतीवर सावली काळी पडली. क्ष-किरण चित्रात तीच पांढरी उमटते, हा फरक आवर्जून दाखवावा. नंतर फळ्यावर चार वाक्ये लिहावीत आणि प्रत्येकात 'क्ष-किरण' हा शब्द किरण, यंत्र, तपासणी, चित्र यांपैकी कोणत्या अर्थाने आला आहे, ते विद्यार्थ्यांकडून ओळखवून घ्यावे. भाषेचा तास आणि विज्ञानाचा तास येथे एक होतो.

त्या मुलीला मी काय उत्तर दिले, ते सांगावयाचे राहिले. मी तिला म्हणालो, "बाळ, क्ष म्हणजे क्षय नव्हे. क्ष म्हणजे जे अजून कळलेले नाही ते. तपासणीला पाठवितात, कारण काय झाले आहे ते अजून कळलेले नसते." ती क्षणभर गप्प राहिली आणि म्हणाली, "म्हणजे गेल्यावरच समजते, सर." एवढा अर्थ तिने घरी पोहोचविला, तरी तो तास सार्थकी लागला, असे मी समजेन.